"आडनाव काय?" आणि लाँग मार्च

गेल्या महिन्यात भाच्यासाठी भाड्याची खोली बघायला गेलो. एजंटने विचारलं, "सध्या राहता कुठे?" गोवंडी म्हटल्यावर पुढचा प्रश्न आलाच, "आडनाव काय?" आडनाव सांगितलं आणि खोली 'कालच गेली' होती.

परत येताना लाँग मार्च आठवला. आमच्या वस्तीत मराठवाडा-विदर्भातून आलेली कितीतरी घरं आहेत. १४ जानेवारीची तारीख सगळ्यांना पाठ, पण त्यामागची पायपीट नव्या पोरांना माहीत नसते. म्हणून हे लिहितोय.

२७ जुलै १९७८. मराठवाडा विद्यापीठाला डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं नाव द्यायचा ठराव विधिमंडळात मंजूर झाला. लगेच मराठवाड्यात दलित वस्त्या पेटवल्या गेल्या. नांदेड जिल्ह्यातल्या पोचीराम कांबळेंचा खून झाला. ठराव कागदावरच राहिला.

विरोधक म्हणायचे, हा मराठवाड्याच्या अस्मितेचा प्रश्न आहे. अहो, ज्या माणसाने १९५० मध्ये औरंगाबादेत कॉलेज काढलं, तो मराठवाड्याला परका कसा? खरं दुखणं वेगळंच होतं. ज्यांना गावकुसाबाहेर ठेवलं, त्यांच्यातल्या माणसाचं नाव आपल्या पोराच्या डिग्रीवर येणार, हे सहन होत नव्हतं.

११ नोव्हेंबर १९७९ ला प्रा. जोगेंद्र कवाडे यांच्या नेतृत्वाखाली नागपूरच्या दीक्षाभूमीवरून लाँग मार्च निघाला. औरंगाबादपर्यंत साडेचारशे किलोमीटरहून लांबची वाट, तीही पायी, थंडीत.

पायीच का? मंत्रालयात निवेदन दिलं की ते फाइलीत जातं. चालत गेलं की वाटेतल्या प्रत्येक गावाला ठरवावं लागतं, यांना पाणी द्यायचं की दार लावून घ्यायचं. जो विषय गावात कुणी काढत नव्हतं, तो दारात येऊन उभा राहायचा.

२७ नोव्हेंबरला बुलढाणा जिल्ह्यात खडकपूर्णा नदीवर पोलिसांनी मार्च अडवला. लाठ्या पडल्या, अटका झाल्या. औरंगाबाद गाठता आलं नाही, पण लढा थांबला नाही. ठरावानंतर साडेपंधरा वर्षांनी, १४ जानेवारी १९९४ ला विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव लागलं. तोही 'नामविस्तार', मराठवाडा शब्द कायम ठेवून.

विद्यापीठाच्या दारावर नाव लागलं. खोलीच्या दारात मात्र अजून आडनाव विचारतात.

तुमच्या घरातलं, चाळीतलं कुणी त्या मार्चमध्ये चाललं असेल, तर त्यांच्याजवळ बसा. रात्री कुठे झोपले, कुणी भाकरी दिली, कुणी दार लावलं, गावांच्या नावांसकट लिहून घ्या. तेव्हाची तरणी पोरं आता म्हातारी झालीत.

जय भीम.