चोरीचे दागिने, सिगरेटचे पैसे

'द स्टोलन ज्यूल्स' नावाची वीसेक मिनिटांची एक बोलकी कॉमेडी आहे, 1931 ची. गोष्ट म्हणाल तर एका ओळीची. नॉर्मा शिअररचे दागिने चोरीला जातात आणि इन्स्पेक्टर केन हॉलिवूडभर चौकशी करत फिरतो. गंमत अशी, की जिथं जाईल तिथं स्टार! जोन क्रॉफर्ड, विल्यम हेन्स, बार्बरा स्टॅनविक आणि तिचा तेव्हाचा नवरा फ्रँक फे, सगळे स्वतःच्याच भूमिकेत. लॉरेल-हार्डी पोलिसांची गाडी चालवतात आणि मुक्कामी पोचल्यावर ती गाडीच खिळखिळी होऊन कोसळते. बस्टर कीटनसारखा माणूस यात साधा हवालदार आहे!

आता प्रश्न असा, की वेगवेगळ्या स्टुडिओंशी कराराने बांधलेली ही मंडळी एकत्र आली कशी?

कारण होतं टीबी. न्यूयॉर्क राज्यात सॅरनॅक लेक इथं व्हॉडव्हिल कलाकारांसाठी क्षयरोग्यांचं सॅनेटोरियम होतं. त्याच्या निधीसाठी ही फिल्म काढली. टीबीवर तेव्हा औषध नव्हतंच, स्ट्रेप्टोमायसिन सापडलं 1943 मध्ये. उपचार म्हणजे विश्रांती, सकस खाणं आणि थंड, मोकळी हवा. आणि फिल्मचा प्रायोजक कोण? चेस्टरफील्ड सिगरेट! फुफ्फुसांच्या दवाखान्याला सिगरेटवाल्यांची मदत, आणि श्रेयनामावलीत त्याचा अभिमानाने उल्लेख.

पण मला यापेक्षा बोचते ती दुसरीच गोष्ट.

व्हॉडव्हिल म्हणजे एका तिकिटात गाणी, नाच, नकला, जादू, कसरती. एकच आयटम घेऊन कलाकार गावोगाव वर्षानुवर्षं पोट भरायचे. 1926 पासून व्हिटाफोनने हेच आयटम आवाजासकट फिल्मवर घ्यायला सुरुवात केली. आमच्या जावावाल्यांच्या भाषेत, एकदा लिहा, कुठंही चालवा. मग थिएटरवाला जिवंत माणसाला रोजचा पगार कशाला देईल? त्यात मंदी आली. नोव्हेंबर 1932 मध्ये व्हॉडव्हिलची पंढरी असलेलं न्यूयॉर्कचं पॅलेस थिएटरही फक्त सिनेमाचं झालं.

म्हणजे ज्या बोलपटाने या लोकांचं स्टेज काढून घेतलं, त्याच बोलपटाच्या जोरावर त्यांच्या खाटांसाठी पैसे गोळा होत होते. आणि ते करणारे परके नव्हते. कीटन, फे, लॉरेल, सगळे स्टेजवरच वाढलेले. वेळेत गाडी बदलली म्हणून वाचलेले.

फिल्म मधे बरीच वर्षं हरवलेली होती. इंग्लंडमध्ये 'द स्लिपरी पर्ल्स' या नावाने प्रत सापडली. जरूर बघा. विनोद थोडे जुने झालेत, पण फे आणि कीटन दिसले की सॅरनॅक लेकला खाटेवर पडलेले त्यांचे जुने सोबतीही आठवा.