शब्दाचा शब्द

परवा एका संकेतस्थळावर लॉगिन करायला बसलो. मराठी निवडल्यावर पडद्यावर दोन चौकटी आल्या : 'वापरकर्त्याचे नाव' आणि 'परवलीचा शब्द'. शब्द तीनदा चुकला, खाते चोवीस तासांसाठी गोठले आणि त्या सक्तीच्या सुट्टीत मी शब्दकोश उघडला. ही परवल कोण, कुठली?

लॉगिनची कुळी सरळ आहे. जहाजाचा वेग मोजण्यासाठी गाठी मारलेल्या दोरीला बांधून पाण्यात टाकायचे ते लाकूड म्हणजे लॉग, वेग टिपायची वही लॉगबुक, आणि त्यावरून 'लॉग' म्हणजे नोंद. फर्नांडो कोर्बातो यांच्या गटाने 1961 साली एमआयटीत एकच संगणक अनेकांनी वापरायची सोय करून दाखवली. माणसागणिक पासवर्ड आला तो याच यंत्रावर. 1962 साली अ‍ॅलन शेर या संशोधकाला वाट्याचे तास पुरेनात, तेव्हा त्याने सगळ्यांच्या पासवर्डांची फाइलच छापून घेतली. चोरीसुद्धा दाराइतकीच जुनी.

परवलीचे मात्र इतके सरळ नाही. रूढ व्युत्पत्ती इंग्रजी 'पॅरोल'कडे बोट दाखवते. मुळात हा फ्रेंच शब्द, अर्थ 'शब्द', 'वचन'. परत येईन असा शब्द देऊन कैदी सुटतो तो पॅरोल, आणि छावणीच्या पहाऱ्यावरचा खुणेचा शब्द तोही पॅरोल. म्हणजे 'परवलीचा शब्द' हा चक्क 'शब्दाचा शब्द', पिवळ्या पीतांबराचा सख्खा भाऊ!

पण मला तो 'व' खुपतो. पॅरोलमधल्या 'ओ'चा 'अव' का व्हावा? मराठीची वाट उलटी. लवणाचे लोण झाले, नवनीताचे लोणी झाले. इंग्रजीतून आलेला कोट कोटच राहिला, त्याचा कवट झाला नाही. बोटीची बवट झाली नाही. मग एकट्या पॅरोलनेच काय पाप केले होते? शिवाय इंग्रजी फौजेत पॅरोल सांगत ते पहाऱ्यांवरच्या अधिकाऱ्यांना. साध्या पहारेकऱ्याला मिळे तो 'काउंटरसाइन'. 'हू कम्स देअर'चे 'हुकुमदार' करणाऱ्या आपल्या शिपायाच्या तोंडी साहेबाचा शब्द रुळला आणि स्वतःचा रुळला नाही, हे मला पटत नाही.

फ्रेंचांकडून थेट आला म्हणावे, तर गारदी त्यांच्या बाजूने साक्ष देतील. पानिपतावरचा इब्राहिमखान गारदी फ्रेंच सेनानी बुसीच्या हाताखाली तयार झालेला. पण फ्रेंच पहारेकरी मागतो तो 'मो द पास', पारोल नव्हे. 'परवाना'शी नाते जोडू पाहणाऱ्यांना एवढेच विचारतो, शेवटचा 'ल' कुठून आणलात?

आता माझा उमेदवार. पोर्तुगीज भाषेत शब्दाला म्हणतात 'पालाव्रा'. व्यंजने मोजा : प, ल, व, र. परवलीची मोजा : प, र, व, ल. 'ल' आणि 'र' यांनी फक्त जागा बदलल्या! असली अदलाबदल आपल्या जिभेला नवी नाही. नुकसानाचे नुसकान आणि मतलबाचे मतबल आपणच करतो. गंमत पुढेच आहे. पालाव्रा आणि पारोल दोघेही लॅटिन 'पाराबोला'चे वंशज, आणि पाराबोलातल्या 'र' व 'ल'ची उलटापालट करूनच पोर्तुगिजांनी पालाव्रा घडवला. म्हणजे त्यांनी उलटे घातलेले आपण सुलटे केले. 'व'चे कोडे तर आपोआप सुटते. चावी आणि पाव त्यांच्याकडूनच आले. तुरुंगसुद्धा त्यांच्या 'त्रोंको'वरून आला म्हणतात, आणि त्रोंको म्हणजे झाडाचे खोड. लॉगिन लाकडाचे आणि तुरुंगही लाकडाचाच. पण हे विषयांतर झाले.

माझ्या घरात एक भोक आहे, ते मीच दाखवतो. पोर्तुगीज पहारेकऱ्याचा खुणेचा शब्द म्हणजे 'सेन्या'. नुसते 'पालाव्रा' त्या अर्थाने चालत नाही. माझे म्हणणे असे की गोव्याच्या आणि वसईच्या तटाखाली उभ्या असलेल्या आपल्या माणसाने व्याकरण ऐकले नाही, दरडावणी ऐकली : 'पालाव्रा!' म्हणजे शब्द बोल. त्याला तेच नाव वाटले. 'शब्द' हे शेपूट मागाहून कुणीतरी अर्थ कळावा म्हणून जोडले असणार.

याचा निकाल कागदच लावू शकतो. चिमाजी आप्पांनी वसई घेतली 1739 साली. त्याच्या आधीच्या एखाद्या मोडी पत्रात 'परवल' कुणाच्या नजरेस पडली असेल तर त्यांनी ओळ आणि तारीख उतरवून जरूर पाठवावी. इंग्रजी पलटणींच्या आधीचा एकही कागद निघाला नाही, तर डाव पॅरोलचा.