बुडालेले सुपे आणि हरवलेली रिळे

काळी आणि पांढरी या नद्यांच्या संगमावरचे जुने सुपे आज जलाशयाखाली आहे. 101 मीटर उंचीचे सुपे धरण 1987 साली पूर्ण झाले. ज्या गावाने तालुक्याला आपले नाव दिले होते, ते गाव गेले आणि तालुका जोयडा या नावाने ओळखला जाऊ लागला. अशा गावाचे दोनच साक्षीदार मागे राहतात : वृद्धांची स्मृती, आणि कोणी टिपून ठेवले असल्यास चित्र. जुन्या चित्रफितींचा संशोधक या दुसऱ्या साक्षीदाराच्या मागावर असतो.

मराठी मुलखात हा साक्षीदार लवकर जन्मला, पण त्याची जपणूक झाली नाही. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी 1899 साली मुंबईत कुस्तीचे आणि 1901 साली रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचे चित्रण केले. पुढे देशात हजाराहून अधिक मूकपट निघाले. त्यांतले फारच थोडे उरले. पहिला बोलपट ‘आलम आरा’ (1931) याचीही प्रत उपलब्ध नाही. नायट्रेटची फीत ज्वालाग्राही, काळाने आपोआप विघटित होणारी. शिवाय खेळ संपले की मालकाच्या लेखी तिचे मोल केवळ तीतून निघणाऱ्या चांदीपुरते उरे.

1964 साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले आणि पी. के. नायर यांनी हा शोध जन्मभर चालविला. दादासाहेब फाळके यांच्या कुटुंबीयांकडून मिळालेले तुकडे जुळवून त्यांनी ‘कालिया मर्दन’ (1919) पुन्हा उभा केला. ‘राजा हरिश्चंद्र’ची मात्र पहिली व शेवटचीच रिळे हाती लागली; तीही 1913 सालची की 1917 साली पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीची, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहे.

हा मतभेद या कामाचे मर्म सांगतो. डब्यावरील चिठ्ठीवर विसंबता येत नाही. कोडॅकच्या फितीच्या कडेला चौकोन, वर्तुळ, त्रिकोण अशी वर्षखूण असे. परंतु ती फितीच्या निर्मितीचे वर्ष सांगते, चित्रणाचे नव्हे. वीस वर्षांनी त्याच खुणा पुन्हा येत. प्रत काढताना मूळ फितीची खूणही कधी कधी नव्या फितीवर उमटते. म्हणून दुकानांच्या पाट्या, वाहने, वेश, सावल्या यांच्याशी ती ताडून पाहावी लागते. विठ्ठलभाई झवेरी यांचा ‘महात्मा’ (1968) हा 33 रिळांचा गांधीचरित्रपट जुन्या चित्रणांच्या अशाच संकलनातून साकारला.

2003 साली पुण्यात लागलेल्या आगीत नायट्रेटवरील अनेक मूळ फिती भस्मसात झाल्या. नायर 2016 साली निवर्तले. संग्रह कितीही मोठा असला, तरी त्याची सुरुवात कोणाच्या तरी माळ्यावरच्या डब्यापासून होते. जोयडा तालुक्यातील एखाद्या घरी बुडण्यापूर्वीच्या सुप्याची फीत असेल, तर तिच्यावर स्थळ, वर्ष आणि दिसणाऱ्या माणसांची नावे आजच लिहून ठेवली पाहिजेत. कारण ती ओळखू शकणारे डोळे दरवर्षी कमी होत आहेत.