मगर आणि मावशीचं लग्न

आम्ही बँकवाले व्हाउचर पाहिल्याखेरीज ब्रह्मदेवालाही पैसे देत नाही. म्हणूनच १९८२ सालची अमेरिकन पोरं मला अगदी आमच्याच खात्यातली वाटतात.

अटारीचं यंत्र टी.व्ही.ला जोडायचं आणि ‘पिटफॉल’ खेळायचा. त्यातला हॅरी नावाचा गडी मगरींच्या डोक्यांवर पाय देत, वेलीला लोंबकळत जंगल तुडवतो. मुदत वीस मिनिटं. मरमर करून वीस हजार गुण मिळवावेत, तर यंत्र बंद केलं की सगळं साफ! शिल्लक पुढे ओढायची सोयच नाही. उद्या वर्गात सांगून मानणार कोण?

तोड काढली ती खेळ विकणाऱ्या ॲक्टिव्हिजन कंपनीनंच. वीस हजारांवर गेलात? मग टी.व्ही.च्या पडद्याचा फोटो काढा, टपालानं धाडा, आम्ही कपड्यावर शिवायचा बिल्ला पाठवतो. झालं! घरातला कॅमेरा निघाला. फ्लॅश मारावा, तर काचेवर नुसता उजेड. हात हलला की आकडे पुसट. बरं, रोल संपल्याशिवाय धुवायला टाकतो कोण? म्हणजे आधी मावशीचं लग्न, मग मगर. (फोटोवाल्याला काय वाटत असेल!)

आणि एवढ्या पुराव्यावर ना राजपत्रित अधिकाऱ्याची सही, ना ‘खरी नक्कल’ शिक्का!

२०१३ साली सोनीनं प्लेस्टेशन ४ च्या हातातल्या कंट्रोलरवरच त्यासाठी बटण बसवलं. रोल नाही, धुलाई नाही. माझ्या भाच्याकडे असे चार हजार फोटो आहेत. त्यातला जिंकल्याचा दाखव म्हटलं, तर मघापासून शोधतोय.