मुंबई एफसीचा मिडफिल्डर ते टीम इंडियाचा कोच : खालिद जमीलच्या वाट्याला कायम दुसऱ्यानं सोडलेलं कामच आलं

1 ऑगस्ट 2025. भारतीय फुटबॉल महासंघानं पुरुषांच्या टीमचा नवा हेड कोच जाहीर केला आणि सोशल मीडियावर दोन प्रश्न सोबतच फिरायला लागले. ज्यांना फुटबॉल माहिती होतं ते म्हणाले, "अखेर भारतीय कोच!" ज्यांना माहिती नव्हतं ते म्हणाले, "हा खालिद जमील कोण?"

दुसरा प्रश्न चुकीचा नव्हता. मुंबईच्या मैदानांवर आयुष्य घालवलेल्या या माणसाचं नाव मुंबईच्याच लोकलमध्ये विचारलं, तर दहातले नऊ जण खांदे उडवतील. शहापूर-मुरबाडकडं तर मैदान म्हटलं की एकतर कबड्डी, नाहीतर टेनिस बॉलचं क्रिकेट. पण खालिदची टीम कशी खेळते हे कळायला कबड्डीच कामाला येते. ते पुढं सांगतो.

खालिदचा जन्म 1977 चा, कुवेतमधला. आखाती युद्धानंतर कुटुंब भारतात आलं आणि पोरगा मुंबईच्या फुटबॉलमध्ये रुळला. तेव्हा मुंबईचं फुटबॉल म्हणजे कंपन्यांच्या टीम. महिंद्रा, एअर इंडिया. खालिद या दोन्हींकडून खेळला, भारताकडूनही खेळला. तो मिडफिल्डर होता, म्हणजे गोल मारणाऱ्याच्या मागं राहून खेळ चालवणारा. दुखापतींनी मात्र त्याला सोडलं नाही. 2007 ला मुंबई एफसी नावाचा नवा क्लब निघाला, तिथं तो गेला आणि 2009 मध्ये बूट काढून ठेवले.

त्याच वर्षी त्याच क्लबनं त्याला कोच केलं. वय 32.

खेळाडूनं आपल्याच क्लबचा कोच होणं ही युरोपात रुळलेली वाट आहे. जर्मनीचा युप हाइंकेस घ्या. बोरुसिया मोंशनग्लाडबाखचा स्ट्रायकर, बुंडेसलिगामध्ये 220 गोल. खेळणं थांबवल्यावर आधी असिस्टंट आणि मग 1979 मध्ये त्याच क्लबचा कोच झाला. पुढं 1998 ला रियल माद्रिदला आणि 2013 ला बायर्न म्युनिकला त्यानं चॅम्पियन्स लीग जिंकून दिली. तिकडं ही शिडी आहे. एक पायरी चढलात की वरची दिसते. आपल्याकडं पहिली पायरी मिळते, वरच्या पायऱ्या बाहेरून आलेल्यांसाठी राखून ठेवलेल्या असतात. खालिदचं पुढचं सगळं करिअर याच अडचणीभोवती फिरतं.

मुंबई एफसीत तो सात सीझन टिकला. भारतीय क्लबमध्ये कोच सात महिने टिकला तरी लोक कौतुक करतात, त्यात हे सात सीझन. क्लबकडं पैसा बेताचा. कूपरेज मैदानाचं काम निघालं तेव्हा काही सीझन 'घरच्या' मॅचेस पुण्यात बालेवाडीला खेळाव्या लागल्या. महिंद्रा युनायटेड 2010 मध्ये बंद झाली, 2013 मध्ये एअर इंडिया आय-लीगमधून बाहेर गेली. मुंबई एफसी मात्र दरवर्षी कशीबशी आय-लीगमध्ये टिकून राहिली. खालिद असेपर्यंत ती एकदाही खालच्या डिव्हिजनमध्ये गेली नाही.

हे कसं जमवलं? तर इथं कबड्डी आठवा. शेवटची पाच मिनिटं, आपली टीम तीन पॉइंटनी पुढं. अशा वेळी शहाणा चढाईपटू काय करतो? रिकामी चढाई. जातो, टच लाइन करतो, परत येतो. समोरच्याचे समर्थक शिव्या घालतात, पण वेळ खाल्ला जातो आणि मॅच जिंकली जाते. खालिदच्या टीम बऱ्याचदा अशाच खेळल्या. आधी घर राखायचं, मागं गर्दी ठेवायची, समोरच्याला वैताग आणायचा आणि संधी मिळाली की पटकन पुढं. 'बोअरिंग' ही टीका त्याच्यावर कायम झाली. ती अगदीच खोटी नाही. पण समोरच्याकडं आपल्यापेक्षा कितीतरी महागडे खेळाडू असतील, तर देखणं खेळून हरण्याची चैन कुणाला परवडते?

2016 मध्ये मुंबई एफसीतला मुक्काम संपला. तेव्हा मिझोरामचा ऐझॉल एफसी क्लब कोच शोधत होता. त्यांची अवस्था काय, तर 2015-16 च्या आय-लीगमध्ये ते शेवटून दुसरे आलेले. तळाला पुण्याची डीएसके शिवाजीयन्स होती, पण थेट प्रवेश मिळालेल्या नव्या टीमला खाली उतरवायचं नाही असा नियम होता, त्यामुळं गंडांतर ऐझॉलवर आलं. मग गोव्याच्या क्लबांनी लीगमधून अंग काढून घेतलं, जागा रिकामी झाली आणि ऐझॉलला परत बोलावलं गेलं. थोडक्यात, मागच्या दारानं आत आलेली टीम.

खालिदनं काय केलं, तर मोठ्या क्लबांना नको असलेली पोरं गोळा केली. आपल्या मुंबईचा जयेश राणे आणि मुंबई एफसीतला जुना शिलेदार आशुतोष मेहता. गोव्याचा गोलकीपर अल्बिनो गोम्स. सीरियाचा महमूद अल अमना. सोबत मिझोरामची स्थानिक पोरं. लोकांना वाटलं, ही टीम यंदा टिकली तरी पुष्कळ.

22 एप्रिल 2017 ला ऐझॉलमध्ये मोहन बागान समोर आलं. झोहमिंगलियाना राल्तेनं हेडर मारला आणि ऐझॉल 1-0 नं जिंकलं. आता शेवटच्या मॅचमध्ये फक्त हरायचं नव्हतं. 30 एप्रिलला शिलाँगमध्ये शिलाँग लाजोंगनं सुरुवातीलाच गोल केला. दुसऱ्या हाफमध्ये विल्यम लालनुनफेलानं बरोबरी साधली, मॅच 1-1 वर सुटली. ऐझॉल 37 पॉइंट, मोहन बागान 36.

ईशान्येकडच्या क्लबनं देशाची लीग जिंकण्याची ही पहिलीच वेळ. वर्षापूर्वी बाहेर फेकली गेलेली टीम चॅम्पियन झाली होती. आणि त्याच सीझनमध्ये, खालिद नसलेली मुंबई एफसी तळाला गेली, नंतर बंदच पडली. योगायोग म्हणा हवं तर.

लीग जिंकलेल्या कोचच्या दारात रांग लागायला हवी. लागलीही, पण कोलकात्यातून. ईस्ट बंगालमध्ये एक सीझन, मग जानेवारी 2019 मध्ये अर्ध्यातून मोहन बागान. दोन्हीकडं लीग हाती लागली नाही. कोलकात्यात दुसरा नंबर आलेल्याला कुणी चहा विचारत नाही, त्यामुळं हा भाग इथंच सोडू.

खरा पैसा आणि झगमगाट तेव्हा इंडियन सुपर लीगमध्ये म्हणजे आयएसएलमध्ये गेला होता. 2014 च्या पहिल्या सीझनला आठही क्लबांचे हेड कोच परदेशी होते. झिको, मातेराझ्झी अशी मोठी नावं. भारतीय कोचला असिस्टंटची खुर्ची. परदेशी साहेब हरला की त्याला मध्येच काढायचं, असिस्टंटला 'हंगामी' कोच करायचं आणि पुढच्या सीझनला नवा परदेशी साहेब आणायचा. चक्र हेच.

खालिदही त्यात अडकला. नॉर्थईस्ट युनायटेडनं जानेवारी 2021 मध्ये जेरार्ड नूस या स्पॅनिश कोचला काढलं आणि खालिदला हंगामी म्हणून उभं केलं. तोवर 11 मॅचमध्ये टीमचे 12 पॉइंट होते. खालिदनं उरलेल्या 9 मॅचमध्ये 21 पॉइंट काढले, एकही मॅच हरला नाही. टीम तिसरी आली, सेमी फायनलला गेली. त्या वर्षी मात्र क्लबला त्याला कायम करण्यावाचून पर्याय उरला नाही. ऑक्टोबर 2021 मध्ये तो आयएसएलमधला पहिला कायमस्वरूपी भारतीय हेड कोच झाला. लीग सुरू होऊन सात वर्षं झाली होती.

पुढचा सीझन वाईट गेला, टीम दहावी आली. हे सांगायलाच हवं, कारण खालिद म्हणजे जादूची कांडी असं चित्र त्याच्या चाहत्यांनी उभं केलंय.

पण हंगामी कोचचं नशीब किती कच्चं असतं ते बघायचं तर गोव्याच्या क्लिफर्ड मिरांडाकडं बघा. एप्रिल 2023 मध्ये त्यानं हंगामी म्हणून ओडिशा एफसीला सुपर कप जिंकून दिला. फायनलमध्ये बेंगळुरूला हरवलं. पुढच्या सीझनला कोच कोण? स्पेनचे सर्जिओ लोबेरा. लोबेरा मोठे कोच आहेत यात वाद नाही. पण ट्रॉफी हातात असताना खुर्ची जात असेल, तर भारतीय कोचनं अजून काय दाखवायचं?

खालिदला पुढची संधीही अशीच मिळाली. डिसेंबर 2023 मध्ये जमशेदपूर एफसीनं स्कॉट कूपर यांना सीझनच्या मध्यात काढलं आणि खालिदला आणलं. 2024-25 मध्ये जमशेदपूर आयएसएलच्या सेमी फायनलपर्यंत गेलं, सुपर कपची फायनल खेळलं.

आणि मग टीम इंडिया. ती तरी कशी मिळाली? मनोलो मार्केझ जुलैमध्ये पायउतार झालेले. आशियाई कपच्या पात्रता फेरीत दोन मॅचमधून एक पॉइंट. आयएसएलचा पुढचा सीझन करारावरून लटकलेला, त्यामुळं खेळाडूंना खेळायला लीगच नाही. अशा वेळी महासंघानं स्टीफन कॉन्स्टंटाइन आणि स्टेफान तार्कोविच या परदेशी नावांना मागं ठेवून खालिदला निवडलं. साव्हियो मेदेरांनंतर 13 वर्षांनी भारतीय कोच.

सुरुवात झकास झाली. काफा नेशन्स कपसाठी मोहन बागाननं खेळाडू सोडले नाहीत, तरी टीमनं ताजिकिस्तानला त्यांच्या घरी 2-1 नं हरवलं. तिसऱ्या नंबरच्या मॅचमध्ये ओमानला पेनल्टीवर नमवलं. सोशल मीडियावर खालिद रातोरात हिरो झाला.

महिन्याभरात चित्र पालटलं. ऑक्टोबरमध्ये सिंगापूरशी त्यांच्या घरी 1-1, आणि 14 तारखेला मडगावात, आधी गोल करूनही, 1-2 नं हार. 2027 च्या आशियाई कपचं दार बंद. 18 नोव्हेंबरला ढाक्यात बांगलादेशनं 1-0 नं हरवलं, 22 वर्षांनंतर पहिल्यांदा. ऑगस्टमध्ये 'अखेर भारतीय कोच' लिहिणाऱ्यांपैकी काही जण आता पुन्हा परदेशी कोच आणा म्हणायला लागले.

खालिदच्या टीमनं मागं बसून मॅच वाचवण्याऐवजी पुढं जाऊन जिंकायला हवं होतं, ही टीका मडगावच्या मॅचबद्दल रास्त आहे. घरच्या मैदानावर, आघाडी घेतल्यावर, जिंकणं गरजेचं असताना ती निसटली. लहान टीम घेऊन मोठ्यांना रोखणं हे त्याला सात सीझन मुंबईनं शिकवलं. समोरची टीम आपल्याइतकीच असेल तेव्हा काय करायचं, त्याचा सराव मिळायला हाताशी मोठी टीम लागते, आणि लागतो वेळ. महासंघानं त्याच्याशी केलेला करार दोन वर्षांचा आहे, हवं तर एक वर्ष वाढवता येईल असा. यात 'हंगामी' हा शब्द नाही.