प्राध्यापक देवधर : एका प्रांताचा कर्णधार



खेळाडूची थोरवी त्यानें देशासाठीं खेळलेल्या कसोटी सामन्यांच्या संख्येवरून मोजावी, असा सर्वसाधारण संकेत आहे. या मापानें पाहूं गेल्यास प्राध्यापक दिनकर बळवंत देवधर यांच्या नांवापुढें शून्य मांडावें लागेल. त्यांना एकही अधिकृत कसोटी सामना खेळावयास मिळाला नाहीं. तरीही महाराष्ट्राच्या क्रिकेटचा इतिहास त्यांच्यावांचून लिहितां येत नाहीं.

देवधरांचा जन्म 14 जानेवारी 1892 रोजीं पुण्यांत झाला. 1911 सालीं ते प्रथम श्रेणीच्या सामन्यांत उतरले. सर परशुरामभाऊ महाविद्यालयांत ते संस्कृत शिकवीत. खेळ हा त्यांचा व्यासंग होता, चरितार्थाचें साधन नव्हे. डिसेंबर 1926 मध्यें आर्थर गिलिगन यांचा इंग्लिश संघ मुंबईस आला असतां देवधरांनीं त्याच्याविरुद्ध 148 धावा काढल्या. त्याच दौऱ्यांत सी. के. नायडू यांनीं 153 धावांची खेळी केली होती. आपले खेळाडू इंग्रजांच्या तोडीस उतरतात, ही खात्री या खेळींनीं पटविली. 1928 मध्यें नियामक मंडळ स्थापन झालें व 1932 मध्यें लॉर्ड्‌सवर भारत पहिला कसोटी सामना खेळला. परंतु तोंवर देवधरांनीं चाळिशी गाठली होती आणि त्या संघांत त्यांना स्थान नव्हतें.

दुसरा एखादा येथेंच बॅट खुंटीस टांगता. देवधरांचें मोठें कार्य यापुढचें आहे. त्या काळीं मुंबईंत खरी गर्दी लोटे ती हिंदू, मुसलमान, पारशी अशा धर्मवार संघांच्या सामन्यांस. देवधरही हिंदू संघांतून खेळले होते. 1934-35 मध्यें रणजी करंडक सुरू झाला आणि धर्माऐवजीं प्रांत हें संघाचें नातें ठरलें. देवधरांच्या नेतृत्वाखालीं महाराष्ट्रानें 1939-40 व 1940-41 असा लागोपाठ दोनदां हा करंडक जिंकला. सांगलीचे विजय हजारे याच संघांतले. त्यांनीं 1939-40 मध्यें बडोद्याविरुद्ध नाबाद 316 धावा केल्या.

1940-41 मधील पुण्याचा मुंबईविरुद्धचा सामना तर स्मरणीयच. अठ्ठेचाळीस वर्षांच्या कर्णधारानें 246 धावा काढल्या. महाराष्ट्राच्या 675 धावांस मुंबईनें 650 धावांनीं उत्तर दिलें. पंचवीस धावांच्या आघाडीनें निकाल लागला. पुढें 1944 मध्यें, वयाच्या बावन्नाव्या वर्षीं, त्यांनीं नवानगरविरुद्ध दोन्ही डावांत शतकें झळकाविलीं.

धर्मवार सामने 1946 नंतर बंद पडले. रणजी करंडक मात्र टिकला. 1973-74 मध्यें देवधरांच्या नांवानें स्वतंत्र करंडक सुरू झाला. 24 ऑगस्ट 1993 रोजीं, एकशेएकाव्या वर्षीं, ते निवर्तले.

आमच्या भिवंडींत यंत्रमागांच्या खडखडाटांत, भिंतीवर कोळशानें यष्ट्या ओढून मुलें खेळतात. त्यांतील बहुतेकांस देशाचा संघ दुरूनच पाहावा लागणार. त्यांनीं निराश कां व्हावें? आपल्या प्रांताच्या मैदानावर, आपला व्यवसाय सांभाळून, पन्नाशीनंतरही मनापासून खेळतां येतें, हा धडा एका संस्कृतच्या शिक्षकानें घालून दिला आहे.