सरवा वेचणारा कॅमेरा : आन्येस वार्दा यांच्या माहितीपटांतील आत्मपरता

पीक निघाल्यानंतर शेतात पडून राहिलेले धान्य वेचणे, म्हणजेच सरवा वेचणे, हा फ्रान्समध्ये गोरगरिबांचा जुना हक्क होय. २ नोव्हेंबर १५५४ च्या राजाज्ञेने त्यास मान्यता दिली आणि पुढे दंडसंहितेतही तो टिकून राहिला. आन्येस वार्दा (१९२८–२०१९) यांच्या २००० सालच्या माहितीपटात झगा घातलेला एक वकील भर शेतात उभा राहून हा कायदा समजावून सांगतो. त्याच चित्रपटात दिग्दर्शिका एका हातातील छोट्या डिजिटल कॅमेऱ्याने आपल्याच दुसऱ्या, सुरकुतलेल्या हाताचे चित्रण करते. सामाजिक हक्काच्या इतिहासात या हाताचे प्रयोजन काय, हा प्रश्न स्वाभाविक आहे.

ही पद्धती डिजिटल तंत्राची देणगी असल्याचे मानले जाते. ते अर्धसत्य आहे. १९५८ च्या ‘ओपेरा-मूफ’मध्ये वार्दा यांनी पॅरिसमधील मूफतार रस्त्यावरील दारिद्र्य एका गर्भवती स्त्रीच्या दृष्टीतून पाहिले. त्या वेळी त्या स्वतः गर्भवती होत्या. पुढे ‘दागेरोटिप’ या माहितीपटाच्या वेळी मूल लहान होते. तेव्हा आपल्या घरातून काढलेली विजेची तार पोहोचेल तेवढ्याच परिसरातील दुकानदारांचे चित्रण करण्याचे त्यांनी ठरविले. मातृत्वाची मर्यादा येथे चित्रपटाची रचनाच ठरली.

२००० च्या चित्रपटात हलक्या कॅमेऱ्यामुळे हे नाते अधिक निकटचे झाले, एवढेच. यंत्राने काढणी झाल्यावर आकारात न बसणारे बटाटे टाकून दिले जातात. त्यांतील हृदयाच्या आकाराचे बटाटे वार्दा घरी नेतात, त्यांना सुकू देतात. टाकाऊ बटाटा आणि म्हातारा हात एकमेकांचा अर्थ उलगडतात. रेम्ब्रांटच्या आत्मचित्राचे छापील चित्र त्या याच हाताशेजारी ठेवतात, तेव्हा मात्र साम्य किंचित ताणल्यासारखे वाटते.

मूळ फ्रेंच शीर्षकाचा अर्थ ‘वेचणारे आणि वेचणारी’ असा आहे. इंग्रजी शीर्षकाने त्यातील ‘वेचणारी’चे ‘मी’ केले व चित्रपटाचा भार आत्मचरित्राकडे झुकविला. मूळात दिग्दर्शिका समूहातील एक आहे. तथापि स्वतःची निर्मितीसंस्था असलेली कलावंत प्रतिमा वेचते आणि भुकेला माणूस अन्न वेचतो, या दोन क्रियांना एकच क्रियापद लावणे कितपत न्याय्य, हा आक्षेप उरतोच.

तो आक्षेप सर्वांत स्पष्टपणे मांडला तो समीक्षकाने नव्हे. पॅरिसच्या बाजारात टाकलेली भाजी खाऊन राहणारा, जीवशास्त्राची उच्च पदवी घेतलेला आणि सायंकाळी स्थलांतरितांना विनामूल्य फ्रेंच शिकविणारा एक मनुष्य या चित्रपटात आहे. ‘दोन वर्षांनंतर’ (२००२) या पुढील माहितीपटात वार्दा त्याला पुन्हा भेटल्या. दिग्दर्शिकेने स्वतःचे चित्रण केलेला भाग अनावश्यक होता, असे त्याने त्यांच्यासमोरच सांगितले. वार्दा यांनी ते मत वगळले नाही. ते चित्रपटात ठेवले.